दर दुसरं चित्र दोनदा

मिल्स क्रॉसिंग, ओहायो
३ मार्च १९५९

प्रिय इडा,

तुझं नाताळचं पत्र जानेवारीच्या मध्यावर पोचलं. टपालखात्यावर ढकलू नकोस. तू नेहमीच उशिरा टाकतेस, तेहतीस वर्षं बघतेय मी. पण त्यातली बातमी वाचता वाचता माझी कॉफी गार झाली. पंचावन्नाव्या वर्षी पुन्हा फिल्म कापायची कात्री हातात घेतलीस म्हणे! आणि तीही माँटी क्विगच्या जुन्या मूकपटांसाठी. मला वाटलं होतं, तो स्टुडिओ बंद पडला तेव्हाच ती सगळी रिळं जळून नाहीतर कुजून गेली असतील.

परवा आमच्या पेपरातही आलं. 'आजीआजोबांना हसवणारे चित्रपट पुन्हा तुमच्या भेटीला, आता आवाजासह.' आवाजासह म्हणजे काय गं? मेलेल्या माणसांच्या तोंडात शब्द घालणार की काय?

मला विचारायचं एकच आहे, आणि ते तू ओळखलं असशील. 'शिडीवरचा जावई' त्यात आहे का? वेंडेलने काम केलेला तो शेवटचा सिनेमा. सत्तावीस साली तो आमच्या गावात लागला होता. तेव्हा मी तीस वर्षांची घोडी होते, इस्पितळात नर्स होते, स्वतःचं कमवत होते, तरी बाबांनी "त्या दारुड्याचा तमाशा बघायला या घरातलं कोणी जाणार नाही" म्हटल्यावर गप्प बसले. त्यांनी त्याचा एकुलता एक फोटो शेगडीत घातला तेव्हाही गप्पच बसले. आई एक्केचाळीसला गेली, बाबा त्रेचाळीसला. कबरीच्या दगडावर त्या दोघांची नावं आहेत, दुसऱ्या भावाचं, क्लाइडचं आहे, माझ्यासाठी जागा सोडली आहे. वेंडेलचं नाव नाही. तो घर सोडून गेल्यापासून सतरा वर्षं आई त्याचं नाव न घेता प्रार्थना करायची. "जो दूर आहे त्याला," एवढंच म्हणायची. तो वारल्यावरही तेच म्हणत राहिली.

खरं सांगू? मला त्याचा चेहरा आठवेनासा झालाय. कान आठवतात, बाहेर आलेले. हात आठवतात. चेहरा आठवायला गेलं की क्लाइडचाच येतो. तो कुठे दिसत असेल, पाठमोरा का होईना, तर मला कळव. मी पहिल्या रांगेत बसेन, मान मोडली तरी चालेल.

ऑक्टोबरात त्याच्या कबरीवर फुलं ठेवल्याबद्दल दर वर्षीप्रमाणे आभार. त्या परक्या गावात त्याला तू एकटीच आहेस.

तुझी,
लुएला हॅस्किन्स


लॉस एंजेलिस
१४ मार्च १९५९

प्रिय लुएला,

बरं बाई, या नाताळचं पत्र ऑगस्टमध्येच टाकते, म्हणजे झालं!

कामाचं काय सांगू. मला बोलावणारा क्रँट्झ नावाचा माणूस आहे. वय चौतीस, टीव्हीवर साबणाच्या जाहिराती करायचा. कुठल्याशा गोदामासकट त्याने आमची सगळी रिळं उचलली. पहिल्याच दिवशी मला म्हणाला, "मिस क्रेब्स, हे सगळे लोक इतके पळतात का?" मी म्हटलं, "पळत नाहीत हो, तुम्ही पळवताय." आमच्या वेळी कॅमेरामन हँडल हाताने फिरवायचा, सेकंदाला सोळा चित्रं, फार तर अठरा. आत्ताची यंत्रं सेकंदाला चोवीस ओढतात. मग माणसं मुंग्यांसारखी धावणारच. नव्या पोरांना वाटतं, जुने लोक असेच चालायचे.

तीन आठवडे भांडले. यावर इलाज आहे, पण खर्चिक आणि वेळखाऊ: नवी प्रिंट काढताना दर दुसरं चित्र दोनदा छापायचं. मग चाल माणसाची होते. क्रँट्झ म्हणाला, "पळाले तर लोक जास्त हसतील." मी म्हटलं, "लोक धावण्याला हसत नाहीत, पडायच्या आधी तो माणूस क्षणभर विचार करतो त्याला हसतात. तो क्षणच तुम्ही गिळताय." शेवटी एक रीळ दोन्ही तऱ्हांनी दाखवलं, तेव्हा कुठे घोडं गंगेत न्हालं. सगळे बारा सिनेमे आता माझ्या पद्धतीने छापले जाणार आहेत. म्हातारीने जिंकलं, लुएला!

आवाजाच्या बाबतीत मात्र हरले. एक माणूस पेटीभर वस्तू घेऊन येतो: घंटा, ढोल, वरून खाली घसरणारी शिट्टी, रबरी भोंगा. कोणी पडलं की शिट्टी, आपटलं की ढोल. आणि एक निवेदक मध्ये मध्ये विनोद करतो. न हसणाऱ्याला गुदगुल्या करायचा प्रकार.

आता वेंडेलचं. 'शिडीवरचा जावई' आहे त्यात. पण आशा धरू नकोस. तो माँटीचा डुप्लिकेट होता गं, आणि डुप्लिकेटचं कौशल्यच हे की तो दिसू नये. त्यातून त्या सिनेमातली शिडीवरची उडी वेंडेलची नाहीच, दुसऱ्याच माणसाची आहे. ते रीळ मीच जोडलं होतं, मला माहीत आहे. दुसऱ्या एका सिनेमात तो अस्वलाच्या कातड्यात आहे. ते सांगितलं तर तू म्हणशील, हे अस्वल आमच्या घरचं!

उगाच जीव गुंतवू नकोस. ऱ्हुबार्बचे आंबट देठ बाजारात आले की मला तुझ्या मुरंब्याची बाटली पाठव.

तुझी,
इडा


मिल्स क्रॉसिंग
३० मार्च १९५९

प्रिय इडा,

मुरंबा जूनमध्ये. अस्वल पाहीन. अस्वलालाही कान असतात.

थोडी हिरमुसले, लपवत नाही. पण आमच्या थिएटरवाल्या मिसेस टर्लीने क्रँट्झकडून सगळे बारा मागवलेत, जूनपासून दर शुक्रवारी दोन नवे. ती म्हणते, टीव्ही आल्यापासून खुर्च्यांवर धूळ बसते. मी आत्ताच सगळी तिकिटं घेऊन ठेवली.

तुझं पत्र आल्यावर आईचं बायबल उघडलं. तुझं सव्वीस सालचं पत्र अजून त्यात आहे, घडीवर फाटत चाललंय. काय सुरेख अक्षर होतं तुझं. बाबांनी ते जेवणाच्या टेबलापाशी उभं राहून वाचलं होतं. 'तो दारूच्या नशेत राहत्या घराच्या जिन्यावरून पडला. त्याला फार यातना झाल्या नाहीत.' मग घडी घातली आणि म्हणाले, "जेवा." आई जेवली, इडा. एकेक घास पाण्याबरोबर गिळत जेवली. तुझा राग कधीच आला नाही. त्या सगळ्या सिनेमावाल्यांत तू एकटीने तरी चार ओळी लिहिल्यास.

एक मात्र मला कधी उमगलं नाही. वेंडेलला खोकल्याच्या औषधातल्या दारूनेसुद्धा उलटी व्हायची. आई साखर घालून द्यायची, तरी बाहेर. असा माणूस जिना चुकेपर्यंत पितो कसा? तिकडे जाऊन सवय झाली असेल. होते सवय, इस्पितळात पाहिलंय मी. तू त्याच घरात खोली घेऊन राहत होतीस, तुला माहीत असेल. या वयात विचारायला काही हरकत नाही म्हणून विचारते.

लुएला


लॉस एंजेलिस
९ एप्रिल १९५९
(पाकीट बंद केलं. टाकलं नाही.)

लुएला,

गेल्या आठवड्यात 'शिडीवरचा जावई'चा दुसरा डबा उघडला. आत रीळ नव्हतं. तपकिरी पूड होती आणि मधासारखा चिकट थर, वासाने डोळे चुरचुरले. क्रँट्झ म्हणाला, "काळजी नको, लंडनच्या गोदामातून दुसरी निगेटिव्ह परत आलीय, ती छापायला दिलीसुद्धा."

ती दुसरी निगेटिव्ह म्हणजे काय, हे तुला सांगायला हवं. आमच्याकडे प्रत्येक सिनेमाच्या दोन निगेटिव्ह व्हायच्या. प्रत्येक दृश्य दोनदा तरी घ्यायचे. जे चांगलं उतरलं ते घरच्या निगेटिव्हमध्ये, जे जरा कमी ते परदेशी निगेटिव्हमध्ये. "तिकडच्यांना काय कळतंय," असं दिग्दर्शक म्हणायचा. दोन्ही मीच जोडायचे.

घरच्या निगेटिव्हमधली उडी दुसऱ्या माणसाची होती. तुला लिहिलं ते खोटं नव्हतं. पण परदेशीमधली उडी वेंडेलची आहे.

गुरुवार होता. आगीच्या बंबाची शिडी फिरते, जावई टोकाला लोंबकळतो, हात सुटतो, तो दुकानावरच्या कापडी छपरावर पडून उसळी घेतो आणि रस्त्यात उभा राहतो, असं ठरलं होतं. कापड फाटलं. तो आरपार खाली आला, फळांच्या खोक्यांच्या कोपऱ्यावर आपटला, आणि उठला. पडलो तरी नाक वर! टोपी उचलून दुकानदाराला नमस्कार केला आणि चौकटीबाहेर चालत गेला. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या, मीही वाजवल्या. पण उठताना त्याचा चेहरा कॅमेऱ्याकडे वळला होता, त्यामुळे माँटीऐवजी दुसराच माणूस असल्याचं उघड दिसत होतं. म्हणून शुक्रवारी तेच दृश्य दुसऱ्याकडून करून घेतलं. वेंडेल त्या दिवशी खोलीतच होता, बरगडीखाली दुखतंय म्हणत होता. शनिवारी सकाळी तो गेला.

तो दारू प्यायला नव्हता. जिन्यावर पडला नव्हता.

मॅनेजर म्हणाला, "चालू कामात माणूस मेला असं छापून आलं तर सिनेमा डब्यात जाईल. मिस क्रेब्स, तुझं अक्षर शाळेतल्या बाईंसारखं आहे, तू लिही." दारू त्यानेच सुचवली. दारूबंदीचे दिवस. म्हणाला, "धार्मिक घर आहे. दारू म्हटलं की पुढचं विचारणार नाहीत." आणि तुम्ही विचारलं नाही. तेहतीस वर्षं नाही, परवापर्यंत नाही.

त्याची ती उडी मी परदेशी निगेटिव्हमध्ये जोडली. तो गेल्यानंतर दहा दिवसांनी. दुसरी नव्हतीच माझ्याकडे.

आज ती नवी प्रिंट पाहिली. क्रँट्झच्या पळत्या वेगात तो चेहरा डोळ्यांपुढून निसटला असता, कोणाला कळलं नसतं. पण आता दर दुसरं चित्र दोनदा छापलंय. मीच भांडून छापायला लावलंय. आता तो चेहरा थांबतो, लुएला. चांगला दिसतो.

इडा


लॉस एंजेलिस
११ एप्रिल १९५९

प्रिय लुएला,

घाईत लिहितेय. वेंडेलच्या पिण्याबद्दल मला फारसं माहीत नाही, सगळी तरुण पोरं असतात तशीच. जुन्या गोष्टी आहेत.

'शिडीवरचा जावई'ची प्रिंट फार वाईट निघाली आहे. दुसरं रीळ तर अगदीच भिकार, त्यासाठी पावसात बाहेर पडू नकोस. अस्वलाचा सिनेमा त्याआधीच्या शुक्रवारी आहे, तो जरूर बघ. सप्टेंबरात सुटी मिळाली तर मीच तिकडे येईन म्हणते. इतक्या वर्षांत आपण एकमेकींना पाहिलंही नाही!

तुझी,
इडा


मिल्स क्रॉसिंग
२२ जून १९५९

इडा,

मी गेले होते. भिकार प्रिंटसाठीही तिकीट काढलं होतं ना, फुकट का घालवायचं?

शुक्रवारी थिएटर भरलं होतं. माझ्या शेजारी पाद्रीबाई बसल्या होत्या, पुढे टर्लीबाईंची नातवंडं. पहिलं रीळ सासूबाईंचं, चांगलं होतं. मग बंब आला, शिडी फिरायला लागली, आणि निवेदक म्हणाला, "सासुरवाडीला पोचायचा सगळ्यात जवळचा रस्ता!" तो सुटला, शिट्टी घसरत खाली आली, कापड टर्रकन फाटलं, ढोल वाजला. आणि मी हसले, इडा. मोठ्याने हसले. पाद्रीबाईंच्या आधी. डोळ्यांतून पाणी येईपर्यंत.

मग तो उठला. कान आधी दिसले. मग तो वळला, आणि मला त्याचा चेहरा आठवला. क्लाइडसारखा नाहीच मुळी. आईसारखा आहे. हे मी कशी विसरले?

त्याने टोपी उचलली, आधी कानाला टेकवली, मग उचलली. फाटकातून बाहेर पडताना आईला तशीच उचलायचा. सगळे हसत होते.

मग तो चालत गेला. पावलागणिक तुम्ही भोंगा वाजवलाय. लोक त्याला सगळ्यात जास्त हसले. इडा, मी सत्तावीस वर्षं इस्पितळात काढली. डावं कोपर पोटाशी घट्ट, पाऊल छोटं, ओठ पांढरे, आणि चेहऱ्यावर 'काही नाही झालं' असं हसू. असा चालत आलेला माणूस मी दारातच ओळखायचे. बसूसुद्धा द्यायचे नाही, लगेच झोपवायचे आणि डॉक्टरला हाक मारायचे. आतून रक्तस्राव होतो तेव्हा माणूस असा चालतो. मी तिथे खुर्चीत बसून होते, आणि तो भोंग्याच्या तालावर माझ्या समोरून निघून गेला.

दुसऱ्या खेळालाही बसले. शनिवारी पुन्हा गेले. टर्लीबाई म्हणाली, "लुएला, इतकं आवडलं?" मी म्हटलं, "हो."

तू म्हणालीस उडी दुसऱ्याची आहे. तू म्हणालीस प्रिंट वाईट आहे. प्रिंट लख्ख आहे. आता गोल गोल फिरवू नकोस. त्या दिवसाची तारीख सांग. तो कधी पडला, एवढीच तारीख. बाकीचं मी समजून घेईन.

लुएला


लॉस एंजेलिस
२७ जून १९५९

लुएला,

गुरुवार, ७ ऑक्टोबर १९२६.

सोबत एप्रिलचं पत्र आहे. तेव्हा टाकायला हवं होतं. कोंबडं झाकलं म्हणून उजाडायचं थोडंच राहतं, पण मी झाकून बसले.

एप्रिलच्या पत्रातही एक गोष्ट लिहिली नव्हती. शुक्रवारी संध्याकाळी मी कामावरून आले तेव्हा तो मला 'कात्रीबाई' म्हणून हाक मारून चेष्टा करत होता. दुखतंय म्हणाला. मी त्याला आल्याचा चहा करून दिला आणि म्हटलं, "मोठा आलास शूर, झोप आता, उद्या बरं वाटेल." तो हसला. हसला म्हणून मी निर्धास्त झाले. हसणाऱ्या माणसासाठी डॉक्टर कोण बोलावतं? आमचं सगळं आयुष्यच, पडला आणि हसला म्हणजे ठीक आहे, यावर चाललेलं. मी माझ्या खोलीत जाऊन झोपले. छान झोप लागली मला, लुएला.

मॅनेजरने ते पत्र लिहायला लावलं, हे खरं. नोकरीची भीती होती, हेही खरं. पण खरं कारण ते नव्हे. तो नशेत जिन्यावरून पडला असेल, तर माझ्या आल्याच्या चहाचा दोष उरत नव्हता. ते खोटं मलाही सोयीचं होतं. पुढे नोकरी गेली, मॅनेजर मेला, माँटी मेला, तरी मी ते तसंच ठेवलं. दर नाताळला तुला पत्र लिहायचे आणि दर ऑक्टोबरला फुलं. तू आभार मानायचीस. तू आभार मानलेस की दोन दिवस जेवण जायचं नाही.

आता माझ्या हातात एवढंच आहे. आणखी चाळीस थिएटरांच्या प्रिंट पुढच्या महिन्यात निघतील. ती उडी मी काढून टाकू शकते. क्रँट्झ आरडाओरडा करेल, पण तो साबणवाला आहे, कात्री माझ्याकडे आहे. कोणी हसणार नाही त्याला. तू सांग, कापते.

क्षमा मागत नाही. मागायचं तोंड नाही.

इडा


मिल्स क्रॉसिंग
१९ जुलै १९५९

इडा,

तीन आठवडे काही लिहिलं नाही. जे लिहिलं असतं ते टपालात घालण्यासारखं नसतं.

पहिले काही दिवस तुझा इतका राग आला की तुझ्यासाठी भरून ठेवलेली मुरंब्याची बाटली मागच्या अंगणात ओतली. मग स्वतःचा आला. मी नर्स होते. खोकल्याच्या औषधाचं मला सव्वीस सालीही माहीत होतं. मला रेल्वेचं तिकीट काढून तिकडे यायला कोणी अडवलं नव्हतं. "दारूच्या नशेत" एवढे शब्द ऐकले आणि आम्ही सगळ्यांनी माना खाली घातल्या. तुझ्या मॅनेजरने आम्हाला बरोबर ओळखलं होतं. हे तुला हलकं वाटावं म्हणून लिहीत नाही. तुझं तुझ्यापाशी, माझं माझ्यापाशी.

उडी कापू नकोस. कापलीस तर तो कुठेच उरत नाही. हसतील त्यांचे दात दिसतील. मीही हसले, मी त्याची सख्खी बहीण. तो हसवायलाच घरातून गेला होता, बाबांशी भांडून. हसू दे लोकांना. शिट्टीही राहू दे, ढोलही. फक्त तो टोपी उचलतो तिथपासून चौकटीबाहेर जाईपर्यंतचा भोंगा काढ. तेवढं त्याला गुपचूप चालू दे.

आणि आणखी एक काम आहे. या पाकिटात तुझं सव्वीस सालचं पत्र परत पाठवते आहे. आईच्या बायबलात मला ते आता नको. पण तिथली जागा रिकामी ठेवणार नाही. तू ते पुन्हा लिही. मला नाही, त्या दोघांना. त्याच तारखेचं, त्याच अक्षरात. बाबांनी उभं राहून वाचलं असतं असं लिही. वाईट वाटेल म्हणून काही गाळू नकोस. दगड कोरणाऱ्या मिस्टर ऊल्सीला ऑगस्टच्या पहिल्या रविवारी कबरस्तानात बोलावलंय. तो वेंडेलचं नाव कोरायला लागायच्या आधी मी ते पत्र तिथे मोठ्याने वाचणार आहे.

सप्टेंबरात येऊ नकोस. माझी तयारी नाही. पुढचं पुढे बघू.

लुएला


लॉस एंजेलिस
२३ जुलै १९५९

लुएला,

भोंगा काढला. तिथे आता काही वाजत नाही. क्रँट्झला वाटलं आवाज बिघडला.

अक्षर पूर्वीइतकं चांगलं राहिलं नाही. तीनदा लिहिलं.

इडा


लॉस एंजेलिस
रविवार, १० ऑक्टोबर १९२६

आदरणीय श्री. व श्रीमती हॅस्किन्स,

कळवण्यास अत्यंत दुःख होते की तुमचा मुलगा वेंडेल काल, शनिवारी सकाळी वारला.

गुरुवारी अकराच्या सुमारास चित्रीकरणात तो शिडीवरून पडला. खालचं कापड फाटलं. कापड तपासायला हवं होतं, ते कोणी तपासलं नव्हतं. तो उठला, टोपी उचलून त्याने नमस्कार केला आणि स्वतःच्या पायांनी चालत गेला. आम्ही सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. कोणी त्याला धरलं नाही.

तो दारू प्यायला नव्हता. इथे आल्यापासून मी त्याला दारूला हात लावताना पाहिलेलं नाही. त्याला यातना झाल्या. शुक्रवारभर तो एकटा खोलीत पडून होता. संध्याकाळी त्याने मला दुखतंय म्हणून सांगितलं. मी डॉक्टरला बोलावलं नाही. बोलावायला हवं होतं. मी बावीस वर्षांची आहे आणि हे मला कळायला हवं होतं.

मी निघताना त्याने विचारलं, "इडा, खरं सांग, उठताना माझा चेहरा दिसला का?" मी म्हटलं, "दिसला." तो म्हणाला, "अरेरे. मग सगळं वाया गेलं," आणि भिंतीकडे वळून झोपला. तो माझ्याशी एवढंच शेवटचं बोलला.

तो चांगला मुलगा होता. घरात त्याचं नाव खुशाल घ्यावं.

आपली,
इडा क्रेब्स